प्रतिसाद: आधी वहिनींनी फोन करावा
ताई, फौजेतून निवृत्त झालेला भाऊ रात्री दचकून उठतो आणि डॉक्टरचं नाव काढलं की भडकतो, असं तुम्ही लिहिलंय. आमच्या शिरोळकडं, सैनिक टाकळी या फौजींच्या गावाच्या आसपास, ‘फौजीला कसलं आलंय टेन्शन’ हे अजून ऐकू येतं. त्याला राजी करत बसण्याआधी वहिनींनीच १४४१६ वर फोन लावावा. ही टेली-मानस, मानसिक आरोग्याची हेल्पलाइन, सरकारी आहे, चोवीस तास, फुकट, मराठीतही बोलतात. २०२३ च्या डिसेंबरात पुण्याच्या एएफएमसीत (लष्करी वैद्यकीय महाविद्यालयात) फौजी कुटुंबांसाठी तिचा खास कक्षही सुरू झाला. ईसीएचएस (माजी सैनिकांची आरोग्य योजना) कार्ड असेल तर तिच्या पॉलिक्लिनिकमधून मानसोपचारतज्ज्ञाकडं रेफरल मागा. झोपेसाठी जाऊया म्हणा, बहुतेक येईल. वहिनींचीही झोप उडाली असणार, त्यांनाही दाखवा. आणि रोजची दारू असेल तर घरच्या घरी एकदम तोडू नका, फिट येऊ शकते, आधी डॉक्टर.