कन्सोल तोट्यात विकून कंपनीला परवडतं कसं?

कर्वेनगरकर८८:
पोराला पीएस५ (सोनीचा गेम खेळायचा कन्सोल, प्लेस्टेशन ५) हवाय म्हणून रविवारी तपकीर गल्लीत चक्कर मारली. दुकानदार म्हणे साहेब ह्यात आमचं काही सुटत नाही आणि कंपनीचंपण सुटत नाही. पहिलं सगळेच दुकानदार म्हणतात, पण कंपनीचं?? २०२१ ला इथे आला तेव्हा ४९,९९० ला होता, २०२२ च्या नोव्हेंबरात ५४,९९० केला. म्हणजे माल जुना होतोय तसा महाग आणि वर तोटापण? कोणीतरी उलगडून सांगा.

डिस्कवाला:
दादा, अर्धं खरंय. सुरुवातीला तोटा असतो बऱ्याचदा. पीएस३ चा ६० जीबीवाला २००६ मधे अमेरिकेत ५९९ डॉलरला होता आणि आयसप्लाय नावाच्या संशोधन कंपनीने खोलून पार्ट मोजले तर खर्चच ८४० च्या आसपास निघाला. पण पीएस५ चा डिस्कवाला (गेमची डिस्क घालता येते तो) २०२१ च्या मध्यातच तोट्यातून बाहेर आला, हे सोनीनेच सांगितलंय, त्यामुळे तुमचा दुकानदार जुनी टेप वाजवतोय.
खरी कमाई गेममधे. कार्यालयवाला हॉल स्वस्तात देतो पण केटरर आमचाच घ्यायचा म्हणतो ना, तसं. ४,९९९ चा गेम सोनीच्या ऑनलाइन स्टोअरवरून घेतला की साधारण ३० टक्के त्यांचे, म्हणजे जीएसटी धरलाच नाही तर दीडेक हजार, आणि गेम बनवायला रात्री जागलं दुसरंच कोणी.

सिंहगडरोडी:
+१. शिवाय पीएस३ वर ऑनलाइन खेळणं फुकट होतं, २०१३ ला पीएस४ आला आणि बहुतेक गेमना ऑनलाइन खेळायला प्लस (सोनीची पैसे भरून घ्यायची मेंबरशिप) लागायला लागलं, ते भाडं चालूच.
बाकी निन्टेन्डो वेगळी जात, त्यांचा स्विच कन्सोल पहिल्यापासून तोट्यात विकलाच नाही. उलट मायक्रोसॉफ्टच्या एक अधिकारी बाई २०२१ मधे एपिक (गेम कंपनी) विरुद्ध ॲपलच्या केसमधे कोर्टात सांगून आल्या की त्यांच्या एक्सबॉक्स कन्सोलच्या मशीनवर कधीच नफा झाला नाही.

कर्वेनगरकर८८:
मग डिजिटलवाला (डिस्क नाही, गेम फक्त स्टोअरवरून) स्वस्त आहे तोच घेऊ का?

डिस्कवाला:
अजिबात नको! एवढे पैसे का सोडतायत बघा की. माझी एक डिस्क मी खेळून २,८०० ला विकली, त्या पोराने दोन महिन्यांनी २,००० ला पुढे सरकवली, तीन घरं खेळली आणि कंपनीला पैसे एकदाच. डिजिटलमधे तिन्ही घरांनी स्टोअरवर ४,९९९ भरले असते.

कर्वेनगरकर८८:
पटलं, डिस्कवालाच. क्रिकेटची जुनी डिस्क असेल कोणाकडे तर मेसेज करा, फुटबॉल नको.