जादूचा ग्रंथ पोथीच्या रूपात असेल तर

कल्पित जगातील प्राचीन मंत्रग्रंथ चामडी बांधणीचा आणि कुलूपबंदच हवा, हे मत मला पटत नाही. ती युरोपीय घडण झाली. आमच्या कोल्हापूरच्या घरातील जुनी पोथी सुट्या पानांची आहे, दोन लाकडी फळ्यांमध्ये ठेवून तांबड्या कापडात बांधलेली, त्यामुळे एखादे पान गहाळ झाले तरी वरून काहीच कळत नाही. शिवाय जुने लेखनिक चुकलेल्या अक्षरांवर हरताळ या पिवळ्या खनिजाचा लेप देऊन त्यावर पुन्हा लिहीत (‘हरताळ फासणे’ हा वाक्प्रचार तिथलाच). त्या लेपाखाली मूळ मंत्र दडलेला असणे मला कुलपापेक्षा अधिक रहस्यमय वाटते. नकलाकार तर अखेरीस ‘यादृशं पुस्तकं दृष्ट्वा तादृशं लिखितं मया’ (जसे पुस्तक पाहिले तसेच मी लिहिले) असे लिहून चुकांची जबाबदारीच झटकत. जारणमारणाच्या पोथीत ती कोणाच्या गळ्यात पडेल?