मिसा उएहारा पुढे दिसली का?

निळावंती:
काल जपानी दिग्दर्शक कुरोसावाचा 'द हिडन फोर्ट्रेस' पाहिला. राजकन्या युकी डोक्यातून जात नाहीये! तोशिरो मिफुनेसमोर इतकी ताठ उभी राहणारी ही मिसा उएहारा पुढे कुठे दिसली?

चित्रवेडा:
फार नाही. सिनेमा डिसेंबर १९५८चा, आणि १९६० मध्ये तिचं काम थांबलंच. तो काळ जपानी सिनेमाच्या भरभराटीचा. १९५८ या एका वर्षात तिथे ११२ कोटींवर तिकिटं विकली गेली. स्टुडिओंना सतत नवे चेहरे लागायचे. हीसुद्धा तोहो स्टुडिओने शोधलेली, पूर्णपणे नवखी.

अक्षय_पुणतांबे:
नवखेपण दिसतं ना पण. सारखी किंचाळत बोलते.

सांजवेळ:
अक्षय, मला हे अजिबात पटत नाही. ती हुकूम सोडतच वाढलेली मुलगी आहे, तो आवाज तिला शोभतो. तिच्या जागी रोकुरोताच्या (मिफुनेने केलेला तिचा सेनापती) बहिणीचा बळी जातो तेव्हा ती त्याच्यावर कशी उसळते ते आठवा: कोफुयु सोळा वर्षांची होती, मीही सोळाचीच. आणि मग बाहेर जाऊन एकटीच रडते.

पुढे तर बोलण्यावरून ओळख पटू नये म्हणून तिला मुकी व्हायला लावतात. मग बराच वेळ हातात फक्त डोळे आणि चाल! विकायला काढलेली ती बाई सरायीत दिसते, तेव्हाचा तिचा चेहरा पुन्हा बघा. अग्निउत्सवात आधी बावरते, मग गावकऱ्यांबरोबर बेभान नाचते. शेवटी कैदेत, मरण समोर असताना, तेच उत्सवाचं गाणं म्हणते आणि शत्रूचा सरदार ताडोकोरो विरघळतो. तिथे ती कमी पडली असती तर पुढचा सगळा शेवटच खोटा वाटला असता.

निळावंती, १९५९चा 'निप्पोन तांजो' मिळाला तर बघा. मिफुने वादळाचा देव सुसानोओ, सेत्सुको हारा सूर्यदेवी अमातेरासु, आणि ही आठ तोंडांच्या सापाला बळी द्यायची कुशिनादा. १९६०च्या पर्ल हार्बर-मिडवेवरच्या युद्धपटात ती वैमानिकाची वाग्दत्त वधू आहे. दोन्हीकडे तिची कोणीतरी सुटका करायची किंवा तिने वाट बघायची, एवढंच. युकीसारखी भूमिका तिला परत कोणी दिली नाही, याचा मला मनापासून राग येतो.

निळावंती:
सरायीतला प्रसंग आत्ता परत लावला. ती रोकुरोताला त्या बाईला सोडवायला लावते. 'निप्पोन तांजो' शोधते.