मायांना जिंकायला स्पेनला पावणेदोनशे वर्षे का लागली?

दाभोळखाडी
गुहागरजवळच्या एका वाचनालयात आठवी ते दहावीच्या मुलांपुढे अर्ध्या तासाची मांडणी करायची आहे. मेक्सिकोतल्या ॲझ्टेकांची राजधानी टेनोच्टिट्लान १५२१ मध्ये स्पॅनिशांच्या हाती पडली, पण आजच्या ग्वातेमालातले, इत्झा मायांचे नोहपेतेन १६९७ पर्यंत उभे राहिले. घोडे, पोलाद, तोफा दोन्हीकडे त्याच. मग फरक कशामुळे? नोहपेतेन तळ्यातल्या बेटावर होते, म्हणून जंजिऱ्याचा दाखला द्यावा का?

रेवदंडा_वाचक
छाटायला एकच शिर नव्हते, हे पहिले कारण. ॲझ्टेकांच्या राजधानीत चारी बाजूंनी खंडणी येत असे. ती हाती आली की वसुलीची घडी आयतीच मिळाली. मायांच्या युकातान द्वीपकल्पात (आजच्या मेक्सिकोत) उत्तरेला सोळाच्या आसपास स्वतंत्र प्रांत होते. एकाशी तह झाला तरी शेजारचा तो मानायला बांधील नव्हता.

दुसरे कारण पाणी. सड्यावरच्या गावातल्या मुलांना हे लगेच उमगेल. पाऊस भरपूर, पण मुरून जातो. तिथे जांभ्याऐवजी चुनखडी आहे आणि उत्तर भागात वाहती नदीच नाही. पाणी जमिनीखाली, किंवा वरचे छत कोसळून उघड्या पडलेल्या खोल कुंडांत. त्यांना सेनोते म्हणतात. १५१७ मध्ये स्पॅनिश मोहिमेचा प्रमुख एर्नांदेस दे कोर्दोबा याचे लोक युकातान किनाऱ्यावरच्या चंपोतोनला उतरले तेच पिंपे भरायला. पन्नासहून अधिक स्पॅनिश तिथेच मारले गेले. कोर्दोबा स्वतः जखमी होऊन क्यूबाला परतला आणि त्या जखमांनीच गेला.

पुढे फ्रान्सिस्को दे मोन्तेहो हा स्पॅनिश सरदार युकातान जिंकायला १५२७ मध्ये आला. गावे रिकामी, वाटांवर दगड-लाकडाचे अडसर, दाट झाडीतून बाण. जंगलातल्या अरुंद वाटेवर घोड्याला दौडायला जागा नाही आणि दमट हवेत बंदुकीची दारू सर्दावते. त्यात सोने नाही! पेरूच्या सोन्याची बातमी आली तसे त्याचे शिपाई गळू लागले आणि १५३५ पर्यंत युकातानमध्ये स्पॅनिश वस्ती उरली नाही.

घोड्यांवरचा उपाय मात्र ग्वातेमालातल्या काक्चिकेल मायांचा सांगा. १५२४ मध्ये स्पॅनिश सरदार पेद्रो दे आल्वारादोने अवाच्या सवा सोने मागितले, तेव्हा त्यांनी इशिमचे ही आपली राजधानी सोडली, डोंगर गाठले आणि वाटेवर खड्डे खणून तळाला अणकुचीदार खुंट रोवले. घोडा आत पडला की स्वारासकट कामातून गेला. १५३० पर्यंत ते झुंजत होते.

वसईकर
वरचे सगळे बरोबर, पण एक बाजू राहिली. हेच काक्चिकेल आधी आल्वारादोच्या बाजूने शेजारच्या किचे मायांविरुद्ध लढले होते. आल्वारादोकडे मेक्सिकोहून आणलेले सुमारे १२० स्वार आणि ३०० पायदळ. बाकी सारा भार मेक्सिकोतल्या त्लाश्काला वगैरे ठिकाणच्या हजारो मूळनिवासी मित्रसैन्यावर. तो पोचण्याआधीच मेक्सिकोकडून आलेल्या रोगाच्या साथीने ग्वातेमालातली गावे खचली होती.

युकातानमध्येही तेच. १५३६ मध्ये सोतुता प्रांताच्या कोकोम घराण्याने यात्रेला निघालेल्या शिऊ घराण्याच्या सरदारांना आपल्या मुलखात मारले. जुने वैर. पुढे मानी प्रांताचे शिऊ स्पॅनिशांना जाऊन मिळाले. ६ जानेवारी १५४२ ला मेरिदा वसले ते तिहो या माया शहराच्या अवशेषांवर. चारच वर्षांत, नोव्हेंबर १५४६ मध्ये, पूर्वेकडच्या प्रांतांनी मोठा उठाव केला. आणि ज्या मानीने साथ दिली, तिथेच १२ जुलै १५६२ ला दिएगो दे लांदा या ख्रिस्ती धर्मगुरूने माया पोथ्या जाळल्या. वसई-गोव्याचा इतिहास वाचलेल्याला ही तारीख लक्षात राहील: गोव्यात इन्क्विझिशन, म्हणजे चर्चचे धर्मन्यायालय, १५६० मध्येच बसले होते.

गोन्सालो गेर्रेरो हा स्पॅनिश खलाशी मुलांना आवडेल. १५११ मध्ये जहाज फुटून किनाऱ्याला लागला, मायांत लग्न केले, परत गेला नाही. पण ‘त्याने मायांना लढायला शिकवले’ हे स्पॅनिशांचे म्हणणे आहे, ते वस्तुस्थिती म्हणून मांडू नका.

दाभोळखाडी
आभार. जंजिऱ्याचे काय?

रेवदंडा_वाचक
तुलना अर्धीच जुळते, अर्धीच करा. जंजिरा बुरूज आणि तोफांवर टिकला. नोहपेतेन गोड्या पाण्याच्या पेतेन इत्झा तळ्यात. त्याची खरी तटबंदी म्हणजे चहूकडचे कित्येक दिवसांच्या वाटेचे रान. १५२५ मध्ये टेनोच्टिट्लान जिंकणारा कोर्तेस तिथून गेला, एक लंगडा घोडा मागे ठेवून. त्यानंतर शंभराहून अधिक वर्षे कोणाला ते जिंकता आले नाही. १६९५ पासून स्पॅनिश अधिकारी मार्तीन दे उर्सुआने युकातानहून दक्षिणेकडे रस्ता पाडला, तळ्याच्या पश्चिम काठावर वल्ह्यांची तोफा चढवलेली मोठी नाव बांधली आणि १३ मार्च १६९७ ला बेट घेतले. होड्यांतून बाण मारणाऱ्यांपुढे तोफांची नाव, म्हणजे लढाई एका सकाळीत आटोपली. वेळ गेला तो रस्त्याला.

मांडणी १६९७ वर थांबवू मात्र नका. इत्झांनी १७०४ मध्ये पुन्हा उठाव केला आणि १८४७ मध्ये युकातानच्या मायांनी सुरू केलेले युद्ध १९०१ पर्यंत चालले. माया भाषा आजही लाखो लोक बोलतात, तेव्हा ‘माया नष्ट झाले’ असे फलकावर लिहिलेत तर ते चूक ठरेल.

वसईकर
उच्चाराचे एक. रोमन लिपीतला ‘एक्स’ या नावांत बहुतेक ठिकाणी ‘श’ होतो: शिऊ, उश्माल, इशिमचे. नकाशावर मराठीत तसेच लिहा, नाहीतर मुले ‘क्सिउ’ वाचतात. आणि शेवटी एकेक चिकू वाटता आला तर पाहा. घोलवडच्या चिकूचे मूळ झाड त्याच रानातले, तिकाल या जुन्या माया शहरातल्या मंदिरांच्या दारांवरच्या तुळया त्याच्याच लाकडाच्या आहेत.