रेडमंड म्हणजे फक्त ती बार्सिलोनाची क्लिप नव्हे

एकांनी लिहिलंय की ब्रिटिश धावपटू डेरेक रेडमंड कधी काही जिंकला नाही, पण हरूनही लोकांच्या लक्षात राहिला. दुसरा भाग शंभर टक्के मान्य. 1992 च्या बार्सिलोना ऑलिंपिकमधली 400 मीटरची सेमीफायनल, मांडीचा मागचा स्नायू फाटलेला, आणि सुरक्षारक्षकांना बाजूला सारत त्याला आधार द्यायला ट्रॅकवर आलेले त्याचे वडील जिम... ते बघताना आजही घशाशी आवंढा येतो. पण पहिला भाग चुकीचा आहे आणि त्याच्यावर अन्याय करणारा आहे.

त्याच्या आदल्याच वर्षी, 1991 मध्ये, टोकियोच्या जागतिक स्पर्धेत ब्रिटनने 4 x 400 रिलेचं (चौघांनी एकामागोमाग प्रत्येकी 400 मीटर पळायची शर्यत) सुवर्ण जिंकलं, तेही अमेरिकेला हरवून! ब्रिटनने आपला सगळ्यात वेगवान गडी रॉजर ब्लॅक शेवटी न ठेवता पहिलाच पळवला. दुसरा रेडमंड, तिसरा जॉन रेजिस, शेवटी क्रिस अकाबुसी. अकाबुसी तेव्हा अडथळा शर्यतीत पळणारा, आणि समोर अमेरिकेचा, 400 मीटरचा ताजा जगज्जेता पेटिग्रू. शेवटच्या सरळ पट्ट्यापर्यंत तो पेटिग्रूच्या मागेच चिकटून राहिला आणि अगदी रेषेपाशी पुढे निघाला. ब्रिटन 2 मिनिटं 57.53 सेकंद, अमेरिका 2 मिनिटं 57.57 सेकंद. रेडमंडने दुसरा टप्पा जरासा जरी ढिला धावला असता तरी हे सुवर्ण गेलं असतं. शिवाय 400 मीटरमधला 44.50 सेकंदांचा त्याचा ब्रिटिश विक्रम 1987 पासून टिकला होता, तो डेव्हिड ग्रिंडलीने मोडला त्याच बार्सिलोना ऑलिंपिकमध्ये. टोकियोची ती रिले जरूर शोधून बघा.