मदत हवी आहे: डोळ्यात लोखंडाचं डिपॉझिट, विम्याच्या क्लेमसाठी निदानाचा आयसीडी-१० कोड कुठला?

घाईतला_कोडर: चार्ट संध्याकाळपर्यंत द्यायचाय. डोळ्यात आयर्न डिपॉझिट. मी एच १८.००१ लावला, क्यूएने (कोड तपासणाऱ्यांनी) परत पाठवला, शेरा फक्त 'राँग कॅटेगरी'. कोड सांगा, प्रस्तावना नको.

बुबुळ: एच १८.० म्हणजे कॉर्निया, डोळ्याचा पुढचा पारदर्शक पडदा. डिपॉझिट कॉर्नियातच आहे का? डॉक्टरांचं वाक्य जसंच्या तसं टाका.

आडवा_उभा: लोखंड म्हणजे सिडेरोसिस, लोह डोळ्यात मुरून होणारा आजार. एच ४४.३२१ उजवा, ३२२ डावा, ३२३ दोन्ही. विषय संपला.

सहावं_अक्षर: संपला कसा? हे डब्ल्यूएचओचं मूळ आयसीडी-१० आहे की त्याची अमेरिकेतली आवृत्ती, सीएम? डब्ल्यूएचओत सिडेरोसिस एच ४४.३ मध्येच येतं, डावं-उजवं नसतं.

घाईतला_कोडर: सीएमच, आणखी काय असणार! ओपीडी, उजवा डोळा. नोट अशी: 'प्रॉबेबल सिडेरोसिस. ओल्ड मेटॅलिक एफबी इन व्हिट्रियस. ब्राऊन स्पॉट्स ऑन लेन्स. अॅबनॉर्मल ईआरजी, बी-वेव्ह रिड्यूस्ड.'

सहावं_अक्षर: अहो, हे पहिल्या पोस्टमध्ये हवं होतं. कॉर्नियाचा यात संबंधच नाही, म्हणून एच १८ परत आला. आणि 'प्रॉबेबल' आहे, म्हणजे ओपीडीत एच ४४.३२१ सुद्धा लागत नाही. प्रॉबेबल, सस्पेक्टेड, रूल आउट ही निदानं बाह्यरुग्णात कोड होत नाहीत. इनपेशंट असता आणि डिस्चार्जला 'प्रॉबेबल' तसंच राहिलं असतं, तर पक्कं धरलं असतं. आज पक्कं आहे ते एवढंच: व्हिट्रियसमधला, म्हणजे डोळ्यातल्या जेलीतला, जुना कण (एफबी), आणि बिघडलेला ईआरजी (रेटिनाची विद्युत चाचणी), आर ९४.१११.

आडवा_उभा: कणाला चुंबकीयचा एच ४४.६५१, सोबत झेड १८.११. लोखंड आहे, चुंबकाला चिकटणारच.

बुबुळ: 'लोखंड' कोण म्हणालं? नोटमध्ये 'मेटॅलिक' आहे. तांबंही मेटॅलिकच, आणि ते मुरलं तर चाल्कोसिस, एच ४४.३११. 'मॅग्नेटिक' लिहिलेलं नसेल तर एच ४४.७५१ आणि झेड १८.१०. चुंबकीय ठरवणं आपलं काम नाही.

आडवा_उभा: सिडेरोसिसचा संशय आहे म्हणजे लोखंडच ना? एवढा तर्क कोडरने करू नये?

बुबुळ: नाही करू.

दूरचा_चष्मा: पेशंटला एमआरआयमध्ये घालू नका. चुंबकीय कण व्हिट्रियसमध्ये हलला तर रेटिना फाटू शकते. आधी ऑर्बिटचा एक्स-रे किंवा सीटी.

घाईतला_कोडर: एमआरआयचं कोणी विचारलं? अपघाताचा कोड लावू का? एस ०५.५१ एक्स ए?

सहावं_अक्षर: नको. तो ताज्या जखमेचा. एच ४४.६ आणि ४४.७ खाली एक्सक्लूड्स-१ आहे, त्यांच्यासोबत एस ०५ दिला की क्लेम अडकतो. जुन्या जखमेचा परिणाम असं डॉक्टरांनी लिहिलं असेल तर आधी परिणामाचा कोड, मग एस ०५.५१ एक्स एस.

बुबुळ: एक्सक्लूड्समध्ये 'एस ०५' सरसकट लिहिलंय. एक्स एस सुद्धा त्यातच आला की.

सहावं_अक्षर: तिथं आधी 'करंट' शब्द आहे. सिक्वेला, म्हणजे जुन्या जखमेचा परिणाम, करंट कसा?

बुबुळ: हे पेअरच्या (विमा कंपनीच्या) सॉफ्टवेअरला समजावून दाखवा.

नवीन_सीपीसी: मध्येच विचारते, केएफ रिंग पण याच गटात का? आणि फ्लायशर रिंग वेगळी की तीच?

बुबुळ: वेगळी, ताई. केएफ म्हणजे कायझर-फ्लायशर, तांब्याची, डेसेमेट पडद्यात (कॉर्नियाच्या आतल्या थरात): एच १८.०४-, सोबत विल्सन (शरीरात तांबं साठण्याचा आजार) असेल तर ई ८३.०१. नुसती फ्लायशर लोहाची, एपिथेलियममध्ये (कॉर्नियाच्या वरच्या थरात), केराटोकोनसमध्ये (कॉर्निया शंकूसारखा होतो तेव्हा) दिसते; तिथं मूळ निदान एच १८.६- आधी बघायचं. नावावरून इंडेक्समध्ये शोधायला गेलात तर चुकाल.

घाईतला_कोडर: मग आज काय पाठवू?

सहावं_अक्षर: डॉक्टरांना क्वेरी. दोन प्रश्न: सिडेरोसिस निश्चित आहे का, कण चुंबकीय आहे का. 'सिडेरोसिस लिहा' असं सुचवू नका, ती लीडिंग क्वेरी ठरते. दोन्हीला 'हो' आलं तर एच ४४.३२१, एच ४४.६५१, झेड १८.११.

घाईतला_कोडर: क्वेरी टाकली. डॉक्टर सोमवारपर्यंत रजेवर आहेत.