अनुभव धागा: बोळ, पाणंद, ओढा आणि शेजारचं अतिक्रमण

जागा गावाची असते, पण भांडण दोन घरांत लागतं. सातारा-सांगलीकडच्या ज्यांनी तक्रार केली किंवा ज्यांच्यावर झाली, त्यांनी कुठे दाद मागितली, कोणता कागद कामी आला ते लिहा. माणसांची आणि गावांची नावं नकोत.

कोरेगाव तालुका
आमच्या घराशेजारच्या बोळातून पूर्वी बैलगाडी जायची. पलीकडच्या आबांनी आधी न्हाणीच्या पाण्यासाठी दगड मांडले, मग जोतं आलं, मग पत्र्याचं शेड. आईला रात्री दवाखान्यात हलवायचं होतं आणि गाडी आत येईना. खुर्चीत बसवून चौघांनी तिला चावडीपर्यंत नेलं. दुसऱ्या दिवशी मी अर्ज दिला.

ग्रामपंचायतीत उत्तर मिळालं, ‘शेड त्यांच्या नावावर नमुना 8 ला लागलंय.’ नमुना 8 ही कर आकारणीची नोंद, त्यानं मालकी सिद्ध होत नाही. ही गोष्ट मला एका निवृत्त तलाठी आण्णांनी समजावली. त्यांच्या सांगण्यावरून भूमी अभिलेखमधून गावठाणाचा नकाशा काढला, मोजणीची फी भरली. मोजणीदारानं खुणा केल्या तेव्हा शेडचे पुढचे दोन्ही खांब बोळात निघाले. आबा तिथंच उभे होते, पंचनाम्यावर सही मात्र केली नाही.

ग्रामपंचायत अधिनियमाच्या कलम 53 खाली पंचायतीला अतिक्रमण काढता येतं. ती हलली नाही तर त्याच कलमाखाली जिल्हाधिकाऱ्यांकडे अर्ज करता येतो. आम्हाला तिथपर्यंत जावं लागलं. शेड निघालं. आबांच्या घरी अजून बोलणं नाही, आणि त्याचं मला मनापासून वाईट वाटतं. पण वाट मोकळी करायलाच हवी होती.

मिरज
माझ्यावर तक्रार झाली होती, कंपाउंडची भिंत रस्त्यात आहे म्हणून. मंजूर नकाशा आणि प्रॉपर्टी कार्ड जपून ठेवलं होतं, तेच कामाला आलं. मोजणीत भिंत माझ्याच हद्दीत निघाली. ‘क’ प्रतीचे, म्हणजे मोजणीनंतर मिळणाऱ्या हद्दीच्या नकाशाचे, पैसे वाचवू नका, तोंडी सांगितलेली हद्द कुणी धरत नाही.

जत तालुका
मी ग्रामपंचायत सदस्य होते. घर सासऱ्यांनी फार पूर्वी गायरानात बांधलेलं. निवडून आल्यावर शेजारच्यांनी ग्रामपंचायत अधिनियमाच्या कलम 14 (1) (ज-3) खाली, अतिक्रमणामुळे मला अपात्र ठरवा म्हणून अर्ज केला. अतिक्रमण कुटुंबातल्या माणसाचं असलं आणि सदस्य त्याच घरात राहत असला तरी पद जातं, असा सुप्रीम कोर्टाचा 2018 चा निकाल आहे. माझं पद गेलं. कायदा समजतो. पण पदर खोचून पाण्याच्या टाकीचं काम मार्गी लावलं होतं, ते अर्धवट राहिलं याचा सल आहे. उभ्या राहणाऱ्या बायांनी फॉर्म भरण्याआधी घराखालची जागा कुणाची ते आधी बघावं.

कराड, वकील
लोक पहिल्यांदा दिवाणी कोर्टाकडे धावतात. शेताची वाट अडवली असेल तर मामलेदार न्यायालय अधिनियम, 1906 खाली तहसीलदाराकडे जाता येतं, मात्र अडवल्यापासून 6 महिन्यांच्या आत. हा काळ मिटवामिटवीच्या बैठकांत निघून जातो, हे मी सारखं बघतो. बैठका जरूर घ्या, पण अर्ज आधी दाखल करा. सार्वजनिक उपद्रवाचा दावा दिवाणी प्रक्रिया संहितेच्या कलम 91 खाली कोर्टाच्या परवानगीनं दोन किंवा जास्त माणसांना मिळून करता येतो. आणि सरकारला पक्षकार करायचं तर आधी कलम 80 ची दोन महिन्यांची नोटीस लागते, तातडीचा मनाई हुकूम हवा असेल तर नोटिशीशिवाय दावा लावायला कोर्टाची परवानगी घ्यावी लागते.

सांगली
आमच्या मागच्या नाल्यात भराव टाकून शेजारच्यांनी गाळा बांधलाय. 2019 च्या पुरात पाणी पुढच्या रस्त्यावरून यायच्या आधी मागच्या मोरीतून वर आलं, धान्याचे डबे तरंगत होते. तक्रार दिली की नाल्याची हद्द दाखवा म्हणतात. नाल्याची मोजणी खाजगी माणसाच्या अर्जावर होते का? कुणी करून घेतली असेल तर कोणते कागद जोडले ते कृपया लिहा, पावसाळ्याआधी अर्ज द्यायचाय.